धागा : अमरावतीचा पटकथाकार आणि पडद्याबाहेर राहिलेले वऱ्हाड

१९४१ साली प्रभात फिल्म कंपनीचा ‘शेजारी’ प्रदर्शित झाला. एका गावातील दोन म्हातारे मित्र, एक हिंदू आणि एक मुसलमान. गावाजवळ धरण उभे राहू लागते, ठेकेदाराचे हितसंबंध गावात शिरतात आणि आयुष्यभराचा शेजार तुटतो. फाळणीला अजून सहा वर्षे अवकाश होता. हिंदी आवृत्ती ‘पडोसी’ हिच्यात व्ही. शांताराम यांनी हिंदू ठाकूरची भूमिका मझहर खान यांना आणि मुसलमान मिर्झाची भूमिका गजानन जागीरदार यांना दिली, हा किस्सा चित्रपटरसिकांना पाठ असतो.

तो चित्रपट कोणी लिहिला, हे मात्र फार थोड्यांना आठवते. लेखकाचे नाव विश्राम बेडेकर. जन्म १३ ऑगस्ट १९०६, अमरावती.

आणि मग एक साधा प्रश्न पडतो. ‘शेजारी’मधले ते गाव कोठले? त्याला नदी आहे, पंचायत आहे, शेते आहेत. पण ते कोकणातले नाही, देशावरचे नाही आणि लेखकाच्या वऱ्हाडातले तर नाहीच. तेथील माणसे जी भाषा बोलतात ती अमरावतीच्या बाजारात कोणी बोलत नसे.

या धाग्याचा विषय हाच आहे. मराठी चित्रपटाला लेखक, दिग्दर्शक आणि कवी देणाऱ्या अमरावती-अकोल्याची स्वतःची गोष्ट, स्वतःच्या बोलीत, पडद्यावर यायला इतका काळ का लागला?

आधी एक गोष्ट स्पष्ट करायला हवी. वऱ्हाडला बोली लिहून काढण्याची सवय नव्हती, असे कोणी म्हणत असेल तर त्याने रिद्धपूर आठवावे. अमरावती जिल्ह्यातील हे गाव महानुभाव पंथाचे मोठे केंद्र. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात म्हाइंभटांनी श्रीचक्रधरांच्या आठवणी ज्यांनी पाहिल्या-ऐकल्या त्यांच्याकडून गोळा केल्या आणि ‘लीळाचरित्र’ सिद्ध केले. मराठी गद्याचा आद्य ग्रंथ म्हणून आपण त्याचे नाव घेतो, परीक्षेत लिहितो आणि पुढे जातो. तो उघडून पाहिला तर आश्चर्य वाटते. प्रसंग छोटे आहेत. स्थळ सांगितलेले असते, कोण कोण उपस्थित होते ते सांगितलेले असते आणि मग संवाद सुरू होतो. विद्वत्ता मिरवण्यासाठी संस्कृत हाताशी असूनही या मंडळींनी लोकांच्या तोंडची भाषा निवडली. रिद्धपूरच्या गोविंदप्रभूंच्या लीळांमध्ये तर बाजार, घरे, पोरे, खाणेपिणे असे सगळे गावच वावरते. आजचा पटकथाकार ज्याला दृश्य म्हणतो, त्याच्या फार जवळचे हे लेखन आहे.

म्हणजे कच्चा माल होता, कान होता, परंपराही होती. नव्हते ते काय, हे समजण्यासाठी बेडेकरांच्या मार्गानेच जावे लागते.

विसाव्या शतकाच्या प्रारंभी अमरावतीत नाटकाचे वेड जबरदस्त होते. अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात, १८६० च्या दशकात, वऱ्हाडच्या कापसाला सोन्याचा भाव आला आणि रेल्वेने हा मुलूख मुंबईच्या गोदीशी जोडला. कापसाच्या पैशाबरोबर वाडे आले, वाचनालये आली, वकील आले आणि दौऱ्यावरच्या नाटक मंडळ्याही आल्या. अमरावतीचेच वीर वामनराव जोशी ‘राक्षसी महत्त्वाकांक्षा’ आणि ‘रणदुंदुभी’ या नाटकांनी महाराष्ट्रभर गाजले. देशभक्तीने पेटलेली नाटके, पण भाषा संगीत रंगभूमीची, नागर आणि भारदस्त. वऱ्हाडातला लेखक मोठा व्हायचा तर त्याने पुण्या-मुंबईच्या रंगमंचाची भाषा बोलायची, हा अलिखित करार तेव्हाच झालेला होता. कोणी तो लादला असे नाही. नाटक मंडळ्या जेथे होत्या तेथली ती भाषा होती.

बेडेकरही त्याच वाटेने गेले. मास्टर दीनानाथांच्या बळवंत संगीत मंडळीसाठी त्यांनी ‘ब्रह्मकुमारी’ हे नाटक लिहिले. बोलपट आल्यावर नाटक मंडळ्यांची जमीनच सरकली. बळवंतने चित्रपटात उडी घेतली आणि १९३४ च्या ‘कृष्णार्जुन युद्ध’च्या निमित्ताने बेडेकर कॅमेऱ्यामागे आले. १९३८ मध्ये ते चित्रपटकलेच्या अभ्यासासाठी इंग्लंडला गेले. परतीच्या प्रवासात युरोपवर युद्धाचे सावट होते आणि बोटीवर हिटलरच्या जर्मनीतून निसटलेले ज्यू निर्वासित होते. त्यातून १९३९ साली ‘रणांगण’ ही छोटी कादंबरी आली. मराठी कादंबरीत इतके मोठे जग इतक्या थोड्या पानांत क्वचितच आले असेल. तिच्या नायकाचे नाव चक्रधर आहे. योगायोग असेल, पण रिद्धपूरच्या मुलखातून आलेल्या लेखकाकडून ते नाव येते तेव्हा क्षणभर थांबावेसे वाटते.

पुढचा आलेख पाहा. ‘शेजारी’मध्ये अनाम गाव. ‘रामशास्त्री’च्या दिग्दर्शनात सहभाग, तेथे पेशव्यांचे पुणे. १९४५ मध्ये प्रभातसाठी ‘लाखाराणी’ दिग्दर्शित केला. गुरुदत्त तेव्हा त्यांच्या हाताखाली शिकत होते. १९५१ च्या ‘अमर भूपाळी’ची पटकथा होनाजी बाळाच्या काळातली, म्हणजे पुन्हा पेशवाई, हा चित्रपट कान महोत्सवापर्यंत पोहोचला. १९६३ च्या ‘रुस्तम सोहराब’मध्ये थेट इराण, पृथ्वीराज कपूर आणि सुरैया यांच्यासह. लेखणी पुण्याहून पर्शियापर्यंत फिरून आली. बडनेऱ्याला मात्र उतरली नाही.

बेडेकरांना दोष देणे सोपे आहे आणि अन्यायाचेही आहे. ते अमरावती विसरले नव्हते. १९८४ च्या ‘एक झाड आणि दोन पक्षी’ या आत्मचरित्रात त्यांनी आपले बालपण अत्यंत परखडपणे लिहिले आणि त्या पुस्तकाला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. कागदावर अमरावती येऊ शकत होती. पडद्यावर येऊ शकत नव्हती. फरक लेखकात नव्हता, कागद आणि पडदा यांच्या अर्थकारणात होता.

कागदाला एक प्रकाशक पुरतो. चित्रपटाला स्टुडिओ लागतो, आणि मराठी चित्रपटाचे स्टुडिओ कोल्हापूर, पुणे आणि मुंबई या पट्ट्यात उभे राहिले. प्रभात १९२९ मध्ये कोल्हापुरात स्थापन झाली आणि १९३३ मध्ये पुण्यास आली. तिचे महत्त्वाचे चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत एकाच वेळी बनत. एकाच सेटवर, त्याच वेशभूषेत, आधी एका भाषेत आणि मग दुसऱ्या भाषेत. अशा चित्रपटातले गाव विशिष्ट प्रदेशाचे असणे हा व्यवहारात अडथळाच. ते कोठलेही असावे लागे, म्हणून ते कोठलेच नसे. ‘शेजारी’चे गाव अनाम राहण्यामागे हे एक ठोस कारण दिसते.

दुसरे कारण अधिक रंजक आहे आणि इतिहासाच्या विद्यार्थ्यांनी मुद्दाम लक्षात ठेवावे असे आहे.

वऱ्हाड हा निजामाचा मुलूख. १८५३ च्या तहाने तो इंग्रजांच्या ताब्यात आला, १९०२ मध्ये कायमच्या भाडेपट्ट्याने त्यांच्याकडे गेला आणि १९०३ मध्ये मध्य प्रांताला जोडला गेला. १९३६ पासून त्या प्रांताचे नावच ‘मध्य प्रांत व वऱ्हाड’ झाले. नेमक्या याच काळात भारतात चित्रपट वितरणाचे जाळे विणले गेले. वितरकांनी देश वाटून घेतला तो तत्कालीन राजकीय नकाशा पुढे ठेवून. पश्चिम महाराष्ट्र मुंबईच्या सर्किटमध्ये. मराठवाडा निजाम सर्किटमध्ये. आणि वऱ्हाड ‘सीपी-बेरार’ सर्किटमध्ये, ज्याचे व्यवहार भुसावळ आणि अमरावतीच्या वितरण कचेऱ्यांतून चालत.

१ नोव्हेंबर १९५६ रोजी वऱ्हाड द्वैभाषिक मुंबई राज्यात आले. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र झाला. सीपी-बेरार हा प्रांत इतिहासजमा झाला, पण चित्रपट व्यवसायाच्या नकाशावर तो जिवंत राहिला. आजही हिंदी चित्रपटाच्या कमाईचे आकडे सर्किटनिहाय सांगितले जातात तेव्हा ‘सीपी-बेरार’ हे नाव कानावर पडते. फाइलीतून पुसलेले राज्य तिकीटबारीवर टिकून आहे.

याचा परिणाम काय झाला असेल याची कल्पना करणे अवघड नाही. मराठी निर्मात्याचा हक्काचा प्रेक्षक मुंबई सर्किटमध्ये. वऱ्हाड हा वेगळा सौदा, वेगळा वितरक. आणि त्या वितरकाच्या सर्किटमध्ये हिंदी भाषक जिल्हेही होते, त्यामुळे त्याचा ओढा हिंदी चित्रपटाकडे. भाषेने मराठी असलेला हा प्रदेश व्यापाराच्या दृष्टीने अर्धा परका राहिला. ज्या प्रेक्षकाकडून पहिला पैसा यायचा नाही, त्याच्या बोलीत संवाद कोण लिहून घेणार?

तिसरे कारण स्वातंत्र्यानंतर घडत गेले. ग्रामीण चित्रपटाची मोठी लाट आली आणि तिचे लेखकही अव्वल होते. ग. दि. माडगूळकर, व्यंकटेश माडगूळकर, शंकर पाटील. सांगली-कोल्हापूरच्या मातीतली ही माणसे आपल्या गावची भाषा घेऊन आली. त्यांनी तेच केले जे प्रत्येक प्रामाणिक लेखक करतो. पण पडद्यावर एकच ग्रामीण बोली वर्षानुवर्षे ऐकू आली आणि हळूहळू ‘गावरान मराठी’ म्हणजे तीच, असा समज पक्का झाला. वऱ्हाडातला शेतकरी पडद्यावर आला तरी तो सातारी ढंगात बोलू लागला. ‘मले’, ‘तुले’, ‘काऊन’, ‘काय करून राह्यला’ हे शब्द ऐकू आलेच तर हशा पिकवण्यासाठी.

ज्या बोलीत रडता येत नाही, भांडण विकोपाला नेता येत नाही, मरणाची बातमी सांगता येत नाही, ती बोली पडद्यावर आली असे म्हणता येईल का?

साहित्याने या प्रश्नाचे उत्तर चित्रपटाच्या पुष्कळ आधी दिले होते. १९६० साली अमरावती जिल्ह्याचे उद्धव शेळके यांची ‘धग’ प्रसिद्ध झाली. गरीब शिंपी कुटुंब, कर्तबगार कौतिक, नाकर्ता नवरा महादेव, पुढे त्याला जडलेला महारोग, आणि घर सावरण्यासाठी कौतिकने केलेली न संपणारी धडपड. पात्रे वऱ्हाडी बोलतात आणि वाचकाला एकदाही हसू येत नाही. कौतिकचे दुःख तिच्याच तोंडच्या शब्दांत आहे म्हणून ते उसने वाटत नाही. (नावावरून शोध घेणाऱ्यांसाठी : उषा जाधव यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळवून देणारा ‘धग’ हा चित्रपट वेगळ्या कथेवरचा आहे. त्याचा शेळक्यांच्या कादंबरीशी संबंध नाही.)

चित्रपटाच्या बाजूने पहिली मोठी हालचाल धामणगावच्या माणसाकडून झाली. दत्तात्रय अंबादास मायाळू, म्हणजे आपले राजदत्त. राजा परांजपे यांच्याकडे त्यांनी उमेदवारी केली आणि ‘मधुचंद्र’पासून स्वतंत्र दिग्दर्शन सुरू केले. १९७७ मध्ये त्यांनी ‘देवकीनंदन गोपाळा’ केला. विषय होता गाडगेबाबा.

विषयाची निवडच वऱ्हाडी होती. डेबूजी झिंगराजी जाणोरकर, जन्म १८७६, अंजनगाव सुर्जीजवळचे शेंडगाव. देहावसान २० डिसेंबर १९५६, अमरावतीच्या वाटेवर, वलगावजवळ. हातात खराटा, डोक्यावर गाडगे आणि समोर हजारोंचा समुदाय. त्यांचे कीर्तन हे खरे तर श्रोत्यांशी चाललेले सवाल-जवाब असे. बाबा विचारत, लोक उत्तर देत, त्या उत्तरातूनच बाबा पुढचा प्रश्न काढत, आणि तासाभराने अंधश्रद्धेचा डोलारा लोकांच्याच तोंडून कोसळलेला असे. त्यांच्या अखेरच्या काळातील कीर्तनाचे ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे. ते ऐकणाऱ्याला एक गोष्ट लगेच जाणवते : बोली बाजूला काढली तर त्या कीर्तनात फार थोडे उरते. युक्तिवाद, विनोद आणि राग हे तिन्ही त्या वऱ्हाडी हेलातच आहेत.

ही भूमिका डॉ. श्रीराम लागू यांनी केली. बुद्धिवादी म्हणून ख्यात असलेला नट आणि देवळाबाहेर झाडू मारणारा संत. निवड धाडसी होती आणि ती यशस्वी ठरली. वऱ्हाडचा एक माणूस, वऱ्हाडच्याच दिग्दर्शकाच्या हातून, गंभीर नायक म्हणून पडद्यावर उभा राहिला. तरी तो संत होता. आधीच अवघ्या महाराष्ट्राचा झालेला. साध्या वऱ्हाडी कुणब्याची पाळी अजून यायची होती.

१९८१ मध्ये राजदत्तांनीच ‘अरे संसार संसार’ केला आणि त्यात अकोल्याचे कवी विठ्ठल वाघ यांची ‘काळ्या मातीत’ ही कविता गाणे होऊन आली. अनिल-अरुण यांचे संगीत, सुरेश वाडकर आणि अनुराधा पौडवाल यांचे स्वर. पेरणीचे गाणे. तिफण चालवणाऱ्या शेतकऱ्याचे कष्ट आणि त्याच्या मनातला पाऊस एकाच वेळी दाखवणारे. धामणगावचा दिग्दर्शक आणि अकोल्याचा कवी येथे भेटले. महाराष्ट्रभर शाळांच्या स्नेहसंमेलनांत या गाण्यावर मुले नाचली. ते कोठल्या मातीतून आले हे किती जणांना ठाऊक होते, हा भाग वेगळा. बोली पडद्यावर शिरली ती अशी, गाण्याच्या दारातून. संवादाचे दार बंदच होते.

येथे क्षणभर वऱ्हाडाबाहेर पाहू. कारण ‘बोली लहान, प्रेक्षक थोडा, म्हणून चित्रपट नाही’ हे उत्तर नेहमी तयार असते.

प्रशांत महासागरात फिजी देशाचा भाग असलेले रोटुमा नावाचे चिमुकले बेट आहे. त्याची भाषा फिजीच्या भाषेहून वेगळी आणि ती बोलणारे काही हजार. त्याच बेटावर जन्मलेल्या विल्सोनी हेरेनिको यांनी ‘द लँड हॅज आइज’ हा चित्रपट लिहिला आणि दिग्दर्शित केला. चोराची मुलगी म्हणून हिणवली जाणारी एक शाळकरी पोर आणि तिला बळ देणारी बेटावरची दंतकथा, एवढाच ऐवज. चित्रीकरण बेटावर, बहुतेक कलाकार बेटावरचे. २००४ मध्ये तो सनडान्स महोत्सवात पोहोचला. सामोआ या सुमारे दोन लाख वस्तीच्या देशात तुसी तामासेसे यांनी ‘द ऑरेटर’ हा सामोअन भाषेतला पहिला कथापट लिहिला आणि दिग्दर्शित केला. २०११ मध्ये तो व्हेनिसला दाखवला गेला.

त्याच २०११ सालच्या जनगणनेत एकट्या अमरावती जिल्ह्याची लोकसंख्या २८ लाखांच्या वर होती आणि अकोल्याची १८ लाखांच्या वर. संख्या कमी पडली, असे वऱ्हाडला म्हणता येत नाही.

रोटुमा आणि सामोआ येथे एक गोष्ट समान होती. लिहिणारा आणि दिग्दर्शन करणारा माणूस एकच होता, आणि तो तेथलाच होता. संवाद ‘सुधारून’ देणारा कोणी मध्ये नव्हता.

वऱ्हाडातही तेच घडले तेव्हा काम झाले. २००९ मध्ये सतीश मनवर यांनी लिहिलेला आणि दिग्दर्शित केलेला ‘गाभ्रीचा पाऊस’ रॉटरडॅमच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात दाखवला गेला. पार्श्वभूमी सर्वांना माहीत होती. कापूस उत्पादकांच्या आत्महत्यांमुळे अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलढाणा, वाशीम आणि वर्धा हे सहा जिल्हे देशभरच्या बातम्यांत होते. २००६ मध्ये पंतप्रधानांनी त्यांच्यासाठी ३,७५० कोटी रुपयांचे पॅकेज जाहीर केले होते. वार्ताहर येऊन गेले, समित्या येऊन गेल्या. सगळ्यांनी वऱ्हाडबद्दल लिहिले. ज्या भाषेत कर्ज मागितले जात होते आणि नाकारले जात होते, ती मात्र त्या लेखनात कोठे नव्हती.

मनवर यांच्या चित्रपटाचे नावच त्या भाषेतले आहे. ‘गाभ्रीचा’ ही वऱ्हाडी शिवी. चिडीची, पण घरातल्या माणसालाही देता येईल अशी. पावसाला शिवी देणारा माणूस पावसाशी नाते असलेला असतो. त्या एका शब्दात अर्धी पटकथा आहे. पुण्या-मुंबईच्या प्रेक्षकाला तो शब्द कळणार नाही म्हणून नाव बदलले गेले नाही.

पटकथेची खरी करामत तिच्या दृष्टिकोनात आहे. शेजारच्या शेतकऱ्याने जीव दिलेला आहे. किस्नाची बायको अलका हिच्या मनात भीती बसते : आपल्याही घरात असेच झाले तर? ती कोणापाशी बोलत नाही. ती नवऱ्यावर पाळत ठेवते. तो खूश राहावा म्हणून चांगलेचुंगले रांधते, आणि त्याला हा सगळा लाड काय चालला आहे ते उमगत नाही. कर्ज, बियाणे, दुबार पेरणी, विजेचा खोळंबा हे सगळे चित्रपटात आहे; पण ते चुलीपाशी बसलेल्या बाईच्या डोळ्यांतून दिसते. त्यामुळे प्रेक्षक मधूनच हसतो आणि हसल्याबद्दल अस्वस्थ होतो. हे हसू बोलीला नाही. प्रसंगाला आहे. इतक्या वर्षांनंतर पडला तो एवढाच फरक, आणि तो लहान नाही.

गिरीश कुलकर्णी, सोनाली कुलकर्णी आणि ज्योती सुभाष हे कलाकार वऱ्हाडाबाहेरचे. त्यांनी बोली शिकून घेतली. ‘शेजारी’च्या काळात अमरावतीच्या लेखकाला पुण्याची भाषा आत्मसात करावी लागली होती, येथे पुण्याच्या नटांना वऱ्हाडी गिरवावी लागली.

पुढे दूरचित्रवाणीने वऱ्हाडी घराघरांत नेली. ‘चला हवा येऊ द्या’मधून अमरावती जिल्ह्याचे भारत गणेशपुरे लोकप्रिय झाले आणि सांगली-रत्नागिरीची मुलेही ‘काऊन’ म्हणू लागली. त्यांच्या विनोदाची समज अस्सल आहे यात शंका नाही. तरी त्या लोकप्रियतेने वऱ्हाडीला पुन्हा हशाच्या खुर्चीत बसवले, असे म्हणणारे वऱ्हाडातच आहेत आणि त्यांचे म्हणणे सहज झटकून टाकता येत नाही.

‘गाभ्रीचा पाऊस’मध्ये अलकाला घर सोडून दिवसभर शेतावर जाता येत नाही, तेव्हा ती लहानग्या दिनूला बापाच्या मागे पाठवते. कशासाठी, ते सांगत नाही. किस्ना शेताकडे निघतो, थोड्या अंतरावरून दिनू चालू लागतो. बाप वळून बघतो. पोरगा थांबतो. बाप पुन्हा चालतो, पोरगाही चालतो. कापसाच्या शेतातून जाणाऱ्या त्या दोघांमध्ये बोलणे असे फारसे होत नाही.